अपघाताच्या क्लेममध्ये ‘पगार लावू’ नका, आणि बाकीच्या चुकाही टाळा

बावीस वर्षं वकिलांकडे मोटार अपघाताच्या फायली लावतोय. घरातला माणूस गेलेलं कुटुंब ऑफिसात येतं, तेव्हा बरोबर एखादा हुशार नातेवाईक असतोच. बोलतो तोच. पहिला प्रश्न ठरलेला : “काका, पगार किती लावायचा?” लावायचा! पगार दाखवायचा असतो, लावायचा नसतो, हे सांगून माझा घसा बसला.

फरशी बसवणाऱ्या एका मिस्त्रीची केस सांगतो. वय चौतीस, मागे बायको, दोन मुलं, आई. ठेकेदार दर शनिवारी त्याच्या खात्यावर पैसे टाकायचा. पासबुक पाहिलं तर महिन्याला सरासरी चौदा हजार. पण बाईंच्या दिराने हार्डवेअरच्या दुकानदाराचं लेटरहेड आणलं : ‘सुपरवायझर, पगार 25,000’. दावा त्यावरच लिहिला गेला. मीही घाईत तो कागद फाइलीला लावला, ती चूक माझी.

उलटतपासणीत विमा कंपनीच्या वकिलांनी दुकानदाराला हजेरीपत्रक मागितलं. नव्हतं. पगाराचं रजिस्टर? नव्हतं. पीएफ? नाही. मग आम्ही पासबुक पुढे केलं, तर लगेच प्रश्न आला, “सुपरवायझर होता ना? मग ठेकेदाराचे पैसे कसले?” कोर्टाने दोन्ही कागद बाजूला सारले आणि अंदाजाने आठ हजार धरले.

आता हिशेब बघा. सुप्रीम कोर्टाच्या 2009च्या सरला वर्मा आणि 2017च्या प्रणय सेठी निकालांनी गणित बांधून दिलंय. चाळिशीच्या आतला, स्वतःचा धंदा करणारा माणूस असेल तर उत्पन्नात 40 टक्के वाढ धरायची. चार ते सहा अवलंबित असतील तर त्याचा स्वतःचा खर्च म्हणून पाव हिस्सा वजा. उरलेल्या वर्षाच्या रकमेला वयाप्रमाणे ठरलेल्या आकड्याने, म्हणजे गुणकाने, गुणायचं; चौतीस वयाला गुणक 16. चौदा हजारांवर हे होतात 28,22,400 रुपये. आठ हजारांवर 16,12,800. शिवाय अंत्यविधी, गमावलेला सहवास वगैरेंच्या ठरावीक रकमा, त्या दोन्हीकडे सारख्याच. म्हणजे पंचवीस हजारांच्या हव्यासात बारा लाख गेले, आणि खरा कागद घरातच होता. हायकोर्टात जायची ताकद त्या बाईंमध्ये उरली नव्हती.

तेव्हापासून वकीलपत्रावर सही घेण्याआधी मी तीन गोष्टी मागतो : पासबुक, माणसाची कामाची वही आणि त्याचा मोबाइल. फोनमध्ये गूगल पे, फोनपेचा सगळा इतिहास असतो. लोक दहाव्यानंतर फोन पुतण्याला देऊन टाकतात, सिम बंद करतात. करू नका. बांधकाम कामगार म्हणून नोंदणी असेल तर ते कार्डही आणा.

वयाचा पुरावाही तसाच. पीएम (शवविच्छेदन) रिपोर्टवरचं वय डॉक्टरांचा अंदाज असतो. आधारचं तर 2024मध्ये सुप्रीम कोर्टानेच सांगितलं की तो जन्मतारखेचा पुरावा नाही, शाळा सोडल्याचा दाखला वरचढ. पस्तीसचे छत्तीस झाले की गुणक 16चा 15 होतो. शाळेत जाऊन दाखला आणा, एका दिवसाचं काम आहे.

दुसरी चूक फिर्यादीची. रात्री दोन वाजता, रडून डोळे सुजलेले असताना घरचं कुणीतरी सही करतं आणि निघून येतं. आत काय लिहिलंय? ‘हयगयीने व अविचाराने’ कोणी चालवलं, ट्रकवाल्याने की आपल्याच माणसाने? फिर्याद वाचून घ्या, प्रत घ्या, ती फुकट मिळते. गाडीचा नंबर नंतर कळला तर पुरवणी जबाब द्या. आणि ओळखीच्याची विमा असलेली गाडी किंवा लायसनवाला ड्रायव्हर ‘उभा करू’ म्हणणाऱ्याला दारातूनच परत पाठवा. विमा कंपन्यांचे तपासनीस टोल नाक्याचे फोटोदेखील काढून आणतात. मग क्लेम राहतो बाजूला, गुन्हा आपल्यावर.

दावा दाखल करायची मुदत : 1 एप्रिल 2022पासून अपघातानंतर सहा महिने. या मुदतीविरुद्धची प्रकरणं सुप्रीम कोर्टात गेली आहेत. तुम्ही त्यांच्या भरवशावर बसू नका. व्याजही अपघातापासून नव्हे, दावा दाखल झाल्यापासूनच मिळतं. ‘वर्षश्राद्ध झाल्यावर बघू’ हे वाक्य मला महाग वाटतं. दावा तुम्ही राहता तिथल्या मोटार अपघात दावा प्राधिकरणातही, म्हणजे या दाव्यांच्या कोर्टातही चालतो. अपघात दुसऱ्या जिल्ह्यात झाला म्हणून तिकडे खेपा घालायची गरज नाही.

गाडी सापडलीच नाही तर लोक फाइल बंद करतात. हिट अँड रनमध्ये मृत्यूला दोन लाख मिळतात. अर्ज अपघात झाला त्या भागातल्या प्रांत किंवा तहसीलदारांकडे. वकील लागत नाही, टक्केवारीवाला एजंट तर नाहीच नाही.

माणूस स्वतःच्याच गाडीवर, स्वतःच्याच चुकीने गेला, तर ‘काही मिळत नाही’ हे अर्धसत्य. गाडी त्याच्या नावावर, लायसन चालू आणि पॉलिसीत मालक-चालकाचं अपघात विमा कवच असेल, तर वारसांना 15 लाख आहेत. पॉलिसीचा कागद डिकीत कुजत असतो. तो आधी काढा.

लोकअदालतीत तडजोड वाईट नाही. पण वरचं गणित घरी करून जा. तेराव्याच्या आत ट्रकमालक पन्नास हजार रोख आणि टाईप केलेला कागद घेऊन आला, तर चहा द्या, सही देऊ नका.

निकालानंतर मुलांचा हिस्सा मुदत ठेवीत जातो. त्यावर दिराने ट्रॅक्टर घ्यायचा बेत आखला तर कोर्टाला विचारावं लागतं, मला नाही. आणि ताई, खातं तुमच्या एकटीच्या नावावरच उघडा. कोऱ्या चेकवर सही मागणारा वकिलाचा माणूस असला, अगदी मी असलो, तरी देऊ नका.