सोंग बांधायचं कसं, उतरवायचं कसं

परफॉर्मन्ससाठी, म्हणजे कलाकार स्वतःच लोकांसमोर करतो त्या कलाप्रयोगासाठी, काल्पनिक माणूस उभा करायचा म्हटलं की बहुतेक जण कपड्यांपासून सुरुवात करतात आणि तिथेच अडकतात. आधी तो कागदावर उतरवा: नाव, जन्मसाल, गाव, शिक्षण कुठवर, पोट कशावर, कुणाचं देणं आहे. एक पान पुरे. सगळी सोंगं आणता येतात, पैशाचं आणता येत नाही. म्हणून त्याचं पाकीट भरून बघा. किती नोटा, कुठल्या एसटीचं तिकीट, किराण्याची कुठली चिठ्ठी हे ठरलं की माणूस निम्मा उभा राहतो.

अमेरिकन कलाकार लिन हर्शमन लीसन यांनी स्वतः वठवलेली काल्पनिक बाई रॉबर्टा ब्राइटमोर १९७३ पासून सान फ्रान्सिस्कोत वर्षानुवर्षं 'जगली' ती अशाच तपशिलांवर. विग आणि ठरलेला मेकअप होताच, शिवाय बँकेत खातं, ड्रायव्हिंग लायसन्स, रूममेट हवी म्हणून पेपरात जाहिरात. आज आपल्याकडे खोट्या नावाचं आधार किंवा लायसन्स काढणं हा सरळ गुन्हा आहे. डायरी, पोस्टकार्डं, हिशेबाची वही यांवर भागवा.

मग त्याच्या हाताला काम द्या. गोव्यात राहणारे परफॉर्मन्स कलाकार निखिल चोप्रा यांचं 'योगराज चित्रकार' हे सोंग त्यांच्या चित्रकार आजोबांवरून सुचलेलं. हा योगराज न बोलता कोळशानं मोठमोठी चित्रं काढतो, लोकांसमोरच दाढी करतो, कपडे बदलतो. काम असलं की अभिनय करावा लागत नाही. नुसतं उभं राहून 'गूढ' दिसण्याचा कंटाळा विसाव्या मिनिटाला येतो, आधी प्रेक्षकांना, मग तुम्हाला.

तालमीत पहिल्यांदा चप्पल बदला. टाच बदलली की चाल आपसूक बदलते. कपडे नवे शिवले असतील तर आठ दिवस घरात वापरा, धुवा, त्यातच झोपा. इस्त्रीची घडी सोंग उघडं पाडते. आधी दोन तास, मग चार तास अशी मुदत वाढवा.

खोटी मिशी हा सगळ्यात दगाबाज भाग. स्पिरिट गमचा (मिशी कातडीला चिकटवायच्या गोंदाचा) थेंब २४ तास आधी कोपराच्या आतल्या बाजूला लावून बघा. पुरळ आलं तर गम बदला. प्रयोगाच्या दिवशी चेहरा धुऊन पूर्ण कोरडा करा आणि मिशी आधी, फाउंडेशन नंतर. उलट केलंत तर तेलकट थरावर गम धरत नाही आणि तासाभरात ओठाच्या कडेनं मिशी सुटते. गमचा पातळ हात द्या, चिकट होईपर्यंत थांबा, मग ओलसर फडक्यानं दाबा. बोटांनी दाबलीत तर मिशी बोटालाच येते. गम आणि आरसा मदतनिसाच्या खिशात ठेवा.

मदतनीस हवाच, आणि तो सोंगात नसलेला. तासाला पाणी, लघवीची सोय आणि थांबण्याची एक खूण (उजव्या खांद्यावर रुमाल, समजा) आधी ठरवा. रस्त्यावर करणार असाल तर पोलीस ठाण्याची लेखी परवानगी त्याच्याजवळ राहू द्या. पोलिसाचा गणवेश टाळा. बहुरूप्याचा फौजदार गावाच्या ओळखीचा असतो, तुमचा शहराला नसतो.

शेवट पहिल्याच दिवशी ठरवा. बहुरूपी बिदागी मागतो तिथे सोंग मोडतं. रॉबर्टाला १९७८ साली इटलीतल्या फेरारात विधी करून निरोप दिला गेला. तुमच्यासाठी ती खूण पाकीट रिकामं करणं असेल, चित्र पुसणं असेल. त्यानंतर अर्धा तास प्रेक्षकांना भेटू नका. मदतनिसाशी आपल्या नावानं, आपल्या आवाजात बोला.

मिशी ओढून काढू नका. रिमूव्हर नसेल तर कडेनं खोबरेल मुरू द्या, पाच मिनिटांत सुटते. मग तिची जाळी (जिच्यावर केस गुंफलेले असतात) स्पिरिटनं साफ करून सपाट वाळवा. तेल राहिलं तर पुढच्या वेळी चिकटणार नाही.