पंप बदलण्याआधी व्होल्टेज मोजा: गाडीच्या फ्यूल पंपाची तपासणी आणि नवी वायरिंग

कॉलेज रोडच्या गर्दीत गाडी झकास चालते. कसारा घाट चढायला लागलं की मात्र ॲक्सिलरेटर दाबावा आणि तिनं मान टाकावी. दहा मिनिटं कडेला थांबलं की पुन्हा काही झालंच नाही अशी चालू. माझ्या जुन्या पेट्रोल गाडीनं अख्खा पावसाळा हा छळ केला. एका गॅरेजात नवा पंप बसवून झाला, पैसे गेले, आणि पंधरा दिवसांत वाडीवऱ्ह्याजवळ गाडी परत उभी. घरापर्यंत टोचन. दोष निघाला मागच्या सीटखालच्या अर्थच्या, म्हणजे पंपाचा करंट बॅटरीच्या मायनसकडे परत नेणाऱ्या वायरीत. थिंबल (वायरीच्या टोकाला दाबून बसवलेला धातूचा तुकडा) हिरवं पडलेलं, आतल्या दोन-चार तारा कशाबशा धरून राहिलेल्या.

चढावर इंजिनाला पेट्रोल जास्त लागतं. पंपाला पुरतं व्होल्टेज मिळालं तरच तो तेवढं दाबानं पुढे ढकलतो. सपाटीवर दहा व्होल्टमध्येही भागतं, म्हणून रोग लपून राहतो. त्यात आपल्याकडे इगतपुरीचा पाऊस आणि वायरी कुरतडणारे उंदीर.

खालची पद्धत टाकीत पंप असलेल्या आणि तो साध्या रिलेवर (छोट्या करंटनं मोठा करंट चालू-बंद करणाऱ्या स्विचवर) चालणाऱ्या इंजेक्शनच्या पेट्रोल गाड्यांसाठी आहे. काही नव्या गाड्यांत पंपाला स्वतंत्र कंट्रोल युनिट असतं, तिथे हे प्रयोग करू नका. गाडी वॉरंटीत असेल तर वायरीला हातच लावू नका.

आणि काम उघड्यावर करा. पेट्रोलची वाफ हवेपेक्षा जड असते, ती जमिनीलगत साचते. सिगारेट तर नाहीच, पार्किंगशेजारी तुळशीपुढे दिवा असेल तर तोही आधी शांत होऊ द्या. पावडरचं अग्निशामक हाताशी ठेवा. सीट उचलल्यावर पेट्रोलचा वास आला तर तपासणी तिथेच थांबवा, आधी गळती काढा.

आधी कान, मग फ्यूज

टाकीत पेट्रोल आहे ना? हसू नका, काट्यावर विश्वास ठेवून मी एकदा फसलोय. आता पंखा, रेडिओ बंद करा. एकानं चावी ऑन करायची, सेल्फ मारायचा नाही; दुसऱ्यानं मागच्या सीटशी कान द्यायचा. बहुतेक गाड्यांत दोन-तीन सेकंद ‘घूंऽऽ’ असा आवाज येऊन थांबतो. आवाज आला म्हणजे पंप फिरतोय, पण पुरेसा फिरतोय का, हे त्यावरून कळत नाही.

आवाजच नसेल तर फ्यूज बॉक्सच्या झाकणावरचा नकाशा बघून पंपाचा फ्यूज काढा. उडालेला असेल तर तेवढ्याच अँपिअरचा टाका. चांदीचा कागद किंवा तार गुंडाळून चालवणारे भेटतात; गाडी पेटली की तेच सगळ्यात पुढे पळतात. नवा फ्यूजही लगेच उडाला तर कुठेतरी वायर बॉडीला टेकतेय किंवा पंप जाम झालाय. काही गाड्यांत धडक बसली की पंप बंद करणारा स्विच असतो. खड्ड्यात आदळल्यावर गाडी बंद पडली असेल तर मॅन्युअलमध्ये त्याची जागा शोधा आणि तो दाबून बघा.

मग रिले. त्याच बॉक्समध्ये हॉर्नचा वगैरे अगदी तसाच रिले असला तर अदलाबदल करा. गाडी चालू झाली तर फार थोडक्यात सुटलात.

रिलेच्या खाचा

रिलेवर ३०, ८७, ८५, ८६ असे आकडे असतात. ३० वर बॅटरीचा करंट येतो, ८७ मधून पंपाकडे जातो, ८५ आणि ८६ ही रिलेला चालू करणाऱ्या कॉइलची टोकं. खाचांची मांडणी गाडीगणिक बदलते, म्हणून रिलेच्या अंगावरचं चित्र बघूनच पुढे जा. रिले काढा, चावी ऑन ठेवा आणि ३० व ८७ या खाचा फ्यूज लावलेल्या छोट्या वायरीनं जोडा. पंप फिरला तर दोष रिलेत किंवा त्याला हुकूम देणाऱ्या सर्किटमध्ये. नाही फिरला तर मागे चला. ही जोडणी फक्त तपासणीपुरती. तशीच ठेवून गाडी चालवली तर अपघात झाल्यावर इंजिन बंद पडलं तरी पंप पेट्रोल फेकत राहील.

मीटर कधी खोटं बोलतो

बरेच जण इथेच चुकतात. मागची सीट उचला. बऱ्याच गाड्यांत तिच्याखाली पत्र्याचं झाकण आणि त्याखाली पंपाचा कप्लर, म्हणजे वायरींचा प्लग असतो. कप्लर काढून मीटर (व्होल्टेज मोजणारा मल्टिमीटर) लावला की बारा व्होल्ट दिसतात आणि निकाल लागतो, ‘वायरिंग ठीक, पंप गेला’. पण मीटर स्वतः जवळजवळ करंट ओढतच नाही. एका तारेवर लटकलेली वायरसुद्धा त्याला बारा व्होल्ट दाखवते. पंपानं पाच-सहा अँपिअर मागितले की तीच वायर गुडघे टेकते.

म्हणून मोजायचं ते कप्लर जोडलेला आणि (रिलेच्या खाचा वरच्यासारख्या जोडून) पंप फिरत असताना, कप्लरच्या मागच्या बाजूनं बारीक पिन सरकवून. जाड दोन वायरी पंपाच्या, बारीक वायरी पेट्रोलच्या काट्याच्या. आधी बॅटरीवर मोजा, मग पंपावर. बॅटरीवर १२.४ आणि पंपावर १०.३ आले तर दोन व्होल्ट वाटेत गळतायत.

गळती कुठल्या बाजूला, तेही मीटरच सांगतो. मीटरची एक पिन बॅटरीच्या मायनसवर आणि दुसरी पंपाच्या अर्थ वायरीवर धरा. लांब वायर लागेल. पंप फिरत असताना ०.२ व्होल्टच्या आसपास किंवा कमी दिसायला हवं. तसंच बॅटरीचा प्लस ते पंपाचा प्लस, तिथे अर्ध्या व्होल्टपर्यंत चालेल. माझ्या गाडीत नुसत्या अर्थच्या बाजूला १.६ निघाले होते.

पंप फिरतच नसेल तर हेडलाइटचा ५५ वॉटचा बल्ब कामाला येतो, तो साडेचार अँपिअरच्या आसपास ओढतो. कप्लर सोडवून पंपाच्या दोन वायरींना बल्ब जोडा. बल्ब तापतो, म्हणून तो लांब वायरींवर दाराबाहेर ठेवा आणि करंट पुढून, रिलेच्या खाचेतून द्या, म्हणजे ठिणगी टाकीपाशी पडणार नाही. बल्ब लख्ख पेटला तर वायरिंग निर्दोष आणि पंप खरंच गेलेला. मिणमिणला तर पंपाचे पैसे वाचले.

व्होल्टेज पुरतं, पंप फिरतोय, तरी गाडी ओढत नाही? मग फिल्टर किंवा प्रेशर रेग्युलेटर बघा. त्याला प्रेशर गेज लागतो, बऱ्याच गाड्यांत तीन ते चार बार दाब हवा. हे गॅरेजचं काम.

नवी वायर

आधी नुसती अर्थ सुधारून बघा. थिंबल कापा, तार चकचकीत होईपर्यंत मागे सोला, नवं थिंबल दाबून बसवा, बॉडीचा रंग खरवडून बोल्ट आवळा, वरून ग्रीस. निम्म्या तक्रारी इथेच मिटतात असा माझा अनुभव.

प्लसची वायरही थकली असेल तर बॅटरीचा मायनस काढून २.५ चौरस मिलिमीटरची गाडीचीच वायर टाका. घराच्या वायरिंगचं उरलेलं बंडल नको. पाच मीटर लांबीत सहा अँपिअरला ही वायर जेमतेम पाव व्होल्ट खाते, ०.७५ ची पाऊण व्होल्ट. बॅटरीपासून वीतभर अंतरात फ्यूज, मूळ होता तेवढ्याच अँपिअरचा. इंजिनमागच्या पत्र्यातून नेताना भोकात रबरी ग्रोमेट (वायर घासू न देणारी कडी) हवाच. पुढे दाराच्या उंबऱ्याखालून, सायलेन्सरपासून लांब. तिथली पिवळी वायरिंग एअरबॅगची असते, तिला छेडू नका.

मागे नवा रिले टाकीच्या झाकणाला चिकटून नको, बाजूच्या पॅनेलमध्ये बसवा. नवी वायर ३० ला, ८७ मधून पंपाला, ८५ बॉडीला. पंपाकडे येणारी जुनी प्लस वायर पंपापासून तोडून ८६ ला द्या. ती आता फक्त हुकूम पोचवेल, त्यामुळे इंजिन बंद पडल्यावर पंप थांबण्याची मूळ सोय शाबूत राहते. हा नव्या वायरिंगचा जीव आहे; सरळ बॅटरीवरून पंप जोडून देणाऱ्याला नमस्कार करून दुसरा वायरमन गाठा. जोड थिंबलनं दाबून करा. डाग देणं (सोल्डरिंग) आणि हीट श्रिंक (तापवल्यावर आवळणारी जोडावरची नळी) तापवणं गाडीबाहेर, टाकीपासून दूर.

सगळं जोडून झालं की पुन्हा तेच मोजमाप. इंजिन चालू असताना पंपावर १३ च्या वर व्होल्ट मिळाले की सीट बसवा आणि घाट दाखवून आणा. आठवड्यानं सीट उचलून थिंबल आणि कप्लर बोटानं चाचपा. कोमट लागला तर तो जोड परत करायचा.