तालुका न्यायालयातून नगरपालिकेकडे : नव्या वकिलांसाठी काही अनुभव

विदर्भातील एका तालुक्याच्या न्यायालयात मी दिवाणी व महसुली कामे पाहतो, आणि मधल्या काळात नगरपालिकेचा सदस्यही होतो. त्यामुळे नुकतीच सनद मिळालेले तरुण सहकारी राजकारणात शिरण्याची वाट विचारायला येतात. त्यांना मी आधी पुसदच्या एका वकिलाची कारकीर्द क्रमाने पाहायला सांगतो.

वसंतराव नाईक यांचा जन्म १ जुलै १९१३ रोजी पुसदजवळच्या गहुली येथे एका बंजारा शेतकरी कुटुंबात झाला. नागपूरला मॉरिस कॉलेजातून पदवी आणि पुढे कायद्याचे शिक्षण घेतल्यावर त्यांनी अमरावतीत डॉ. पंजाबराव देशमुखांच्या हाताखाली उमेदवारी केली आणि नंतर पुसदला स्वतंत्र वकिली सुरू केली. ते ११ वर्षांहून अधिक काळ मुख्यमंत्री होते हे सर्वांना ठाऊक असते. त्याआधीच्या पायऱ्या मात्र फारसे कोणी मोजत नाही. १९४६ मध्ये ते पुसद नगरपालिकेचे अध्यक्ष झाले, १९५२ मध्ये तत्कालीन मध्य प्रदेशच्या विधानसभेवर निवडून येऊन महसूल खात्याचे उपमंत्री झाले, १९५६ मध्ये विदर्भ द्विभाषिक मुंबई राज्यात आल्यावर त्यांनी सहकार आणि कृषी ही खाती सांभाळली, १९६० मध्ये ते महसूलमंत्री झाले आणि ५ डिसेंबर १९६३ रोजी मुख्यमंत्री.

या प्रवासात महसूल खाते पुन्हा पुन्हा येते, आणि मला तेच सर्वांत बोलके वाटते. कमाल शेतजमीन धारणेचा १९६१ चा कायदा त्यांच्या महसूलमंत्रिपदाच्या काळातला, तर आपण रोज चाळतो ती १९६६ ची जमीन महसूल संहिता त्यांच्या मुख्यमंत्रिपदाच्या काळातली. जिल्हा परिषदा व पंचायत समित्यांची आजची रचना ज्या समितीच्या शिफारशींवर उभी राहिली, तिचे अध्यक्षही तेच होते. सातबारा, फेरफार, वाटणी, कूळ आणि वहिवाटीचा रस्ता यांवरून माणसे कशी उद्ध्वस्त होतात, हे तालुक्याच्या वकिलाला पुस्तकाबाहेर शिकावे लागते. मुंबईच्या मोठ्या चेंबरमध्ये ते शिक्षण मिळत नाही, असे माझे स्पष्ट मत आहे.

म्हणून नव्या वकिलाने अखिल भारतीय बार परीक्षा वेळेत उत्तीर्ण करून पहिली काही वर्षे निवडणुकीचा विचार बाजूला ठेवावा आणि दिवाणी कामाबरोबर तहसीलदार व उपविभागीय अधिकारी यांच्यासमोरची महसुली कामे मुद्दाम घ्यावीत. रस्त्याचा किंवा बांधाचा वाद असेल तर पेशीच्या आधी एकदा मोक्यावर जाऊन यावे. तिथे पक्षकार भेटतो, त्याचा प्रतिपक्ष भेटतो, आणि कोणाचा शब्द गावात चालतो हेही कळते. प्रतिपक्षाशी कधीही उद्धटपणे वागू नये. उद्या तोही मतदार असतो, आणि ‘वकीलसाहेबांनी आमच्याविरुद्ध काम चालवले, पण खोटे बोलले नाहीत’ एवढे जरी तो म्हणाला तरी पुष्कळ झाले. फी कमी घेतली तर चालते, परंतु तारखेला गैरहजर राहिलेले कोणी विसरत नाही.

चौकाचौकांत वाढदिवसाचे फलक लावून त्यावर वकिलीची जाहिरात करण्याची हल्ली एक हौस आली आहे. बार कौन्सिलच्या नियमांनुसार वकिलाला आपल्या व्यवसायाची जाहिरात करण्यास मनाई आहे, हे त्या फलकाखाली उभे राहून हार घालून घेणाऱ्याला तरी ठाऊक असावे!

नगरपालिकेत निवडून आल्यानंतर दोन गोष्टी सांभाळाव्या लागतात. एक म्हणजे अर्थसंकल्प आणि ठराव यांचे मूळ कागद स्वतः वाचणे. सभागृहात भाषणे करणारे भरपूर असतात, पण ठरावाच्या मसुद्यातील एक शब्द बदलून घेणारा सदस्य क्वचितच भेटतो, आणि ते काम वकिलाइतके सहज दुसऱ्या कोणाला जमत नाही. दुसरी म्हणजे हितसंबंध. नगरपालिका ज्या प्रकरणात पक्षकार आहे, त्यात वकीलपत्र दाखल करण्यापूर्वी १९६५ च्या नगरपरिषद अधिनियमातील अपात्रतेच्या तरतुदी बारकाईने वाचाव्यात, आणि शंका असेल तर ते काम नम्रपणे नाकारावे.

पुढे आमदारकीपर्यंत मजल गेली तरी वकिली सोडावी लागतेच असे नाही. आमदार-खासदारांना वकिली करण्यास बंदी घालावी ही मागणी सर्वोच्च न्यायालयाने २०१८ मध्ये फेटाळली आहे. व्यवहारात मात्र अधिवेशन आणि न्यायालयाच्या तारखा एकाच आठवड्यात येतात, तेव्हा आपली प्रकरणे सांभाळू शकेल असा कनिष्ठ सहकारी आधीच तयार केलेला असावा, आणि तो कोण हे पक्षकारांना आधीच सांगितलेले असावे.