किनाऱ्याने पायी चालायचं तर: पुणेकरांसाठी कोकणातल्या पदभ्रमंतीची आखणी

कोकण किनाऱ्याने सलग तीन-चार दिवस चालायचं मनात असेल, तर सॅक भरायच्या आधी भिंतीवरची दिनदर्शिका काढून हातात घ्या. सुट्टी कधी आहे ते नंतर बघू, आधी तिथी बघायची. राजगड-तोरणा किंवा कात्रज ते सिंहगड करणाऱ्या पुणेकरांना दम, चढ आणि पाणी यांचा हिशेब तोंडपाठ असतो. किनाऱ्यावर त्यात भरती-ओहोटीची भर पडते आणि बाकीचे सगळे हिशेब तिच्या तालावर चालतात. सकाळी नऊला जिथून पाय न भिजवता गेलात, तिथे दुपारी तीनला छातीएवढं पाणी असू शकतं.

जगभर हीच तऱ्हा आहे. इंग्लंडच्या नैऋत्य टोकाला वळसा घालणारा साउथ वेस्ट कोस्ट पाथ १,०१४ किलोमीटरचा. पाट्या, खुणा, नकाशे सगळं चोख. तरीही वाटेतली अर्म नदी ओहोटीच्या आगेमागे तासाभरातच पायी ओलांडता येते, कारण तिथे फेरीबोट नाही. वेल्सच्या द्वीपकल्पावरचा पेम्ब्रुकशायरचा किनारी मार्ग १९७० साली खुला झाला. त्यावरही दोन ठिकाणी ओहोटी चुकली की काही किलोमीटरचा वळसा पडतो. आपल्याकडे तर वाटेवर खुणाच नाहीत, त्यामुळे हे गणित स्वतःला यायलाच हवं.

पहिलं काम: तिथीची पाऊणपट

कोकणातल्या जुन्या माणसांचा हिशेब सोपा आहे. तिथीला तीनने गुणायचं आणि चारने भागायचं, की भरतीची वेळ येते. चतुर्थी असेल तर चार त्रिक बारा, भागिले चार, म्हणजे तीन. पहाटे तीनला आणि दुपारी तीनला पूर्ण भरती. तिथून सहा तास मागे-पुढे गेलं की ओहोटी, म्हणजे सकाळी नऊच्या सुमारास. शुक्ल पक्ष असो वा कृष्ण, हिशेब तोच. रोज ही वेळ साधारण पाऊण तासाने पुढे सरकते. ठिकाणाप्रमाणे अर्धा-पाऊण तास इकडेतिकडे होतं, म्हणून निघायच्या आधी जवळच्या बंदराचं भरती-ओहोटीचं वेळापत्रक इंटरनेटवर ताडून बघा. पण सहलीची तारीख ठरवायला पाऊणपट पुरते.

आता पौर्णिमा घेऊन बघा. भरती सव्वाअकराच्या आसपास, म्हणजे ऐन चालायच्या वेळी पुळण (किनाऱ्याची वाळू) पाण्याखाली. ओहोटी पहाटे पाच आणि संध्याकाळी साडेपाचला. अष्टमीला ओहोटी भर दुपारी बाराला, डोक्यावर ऊन. शिवाय अष्टमीच्या आसपास भांग असते. पाणी फार चढत नाही तसं फार उतरतही नाही, त्यामुळे रुंद, टणक वाळू मिळत नाही. तृतीया, चतुर्थी, पंचमी हे तीन दिवस मात्र चालणाऱ्यासाठीच केल्यासारखे असतात. ओहोटी सकाळी आठ ते दहाच्या दरम्यान. साडेसहाला निघा, अकरा-साडेअकरापर्यंत मोकळी पुळण मिळते, आणि पाणी चढायला लागेल तोवर तुम्ही सावलीत बसलेले असता. अमावस्या-पौर्णिमेचं उधाण नुकतंच होऊन गेलेलं असल्याने पाणी लांबवर हटतं.

नोकरदारांसाठी आणखी एक सोय. एखाद्या शनिवारी तृतीया आली, तर दोन आठवड्यांनंतरच्या शनिवारीही साधारण द्वितीया-तृतीयाच असते. म्हणजे महिनाभर एकाआड एक शनिवार-रविवार उपयोगी पडतात. लाँग वीकेंड तिथीत बसत नसेल, तर माझं स्पष्ट मत आहे: त्या वेळी गडावर जा, किनारा पुढच्या पंधरवड्याला ठेवा.

महिने डिसेंबर ते फेब्रुवारी. ऑक्टोबरची उष्णता आणि मार्चनंतरचा दमटपणा अंगातलं पाणी शोषून घेतो. पावसाळ्यात किनाऱ्याने चालायचा विचारही नको.

पट्टा निवडणं

नकाशावर किनारा सलग रेघेसारखा दिसतो. प्रत्यक्षात तो खाड्यांनी तोडलेला आहे. सावित्री, वाशिष्ठी, शास्त्री अशा मोठ्या खाड्यांवर वेसवी-बागमांडला, दाभोळ-धोपावे आणि तवसाळ-जयगड अशा फेरीबोटी आहेत. त्यातून माणसं आणि गाड्या दोन्ही जातात. म्हणून दोन खाड्यांमधला भाग हा एक पट्टा धरून चालणं सोयीचं.

पहिल्यांदा जाणाऱ्याने दापोलीचा किनारा घ्यावा. आंजर्ल्यापासून सुरुवात, मग हर्णै, मुरुड, कर्दे, लाडघर, पुढे बुरोंडी, कोळथरे आणि शेवटी दाभोळ. गावं जवळजवळ आहेत, राहायला घरगुती सोय होते, आणि पाय बोलायला लागले तर जवळच्या गावातून एसटी पकडून दापोली गाठता येते. स्वारगेटवरून दापोलीला एसटी आहे, तिथून आंजर्ल्याकडे जाणारी गाडी पकडायची. स्वतःची गाडी नेऊ नका. किनाऱ्याची वाट परत त्याच जागी येत नाही, आणि गाडी आणायला मागे जाण्यात अख्खा दिवस मोडतो.

दिवसाचा टप्पा बारा ते पंधरा किलोमीटरचा ठेवा. गडाच्या वाटेवर वीस करणाऱ्यालाही हे कमी वाटेल, पण वाळू पिंडऱ्या आणि घोटे वेगळ्याच तऱ्हेने दमवते. टणक पुळणीवर ताशी चार किलोमीटर होतात. खडकाळ टोकाला वळसा घालताना किंवा सड्यावर, म्हणजे किनाऱ्यामागच्या कातळी पठारावर, चढ-उतार करताना दोन-अडीच.

सर्व्हे ऑफ इंडियाच्या १:५०,००० प्रमाणाच्या नकाशात दोन सेंटिमीटर म्हणजे एक किलोमीटर. त्यावर पुळण, खडक, खाडीचं तोंड आणि सड्यावरची पायवाट वेगवेगळ्या रंगांनी रंगवून घ्या. जोडीला मोबाइलमध्ये उपग्रहचित्र उतरवून ठेवा, कारण टोकांच्या आडोशाला रेंज जाते. हा तासाभराचा उद्योग मला सगळ्या तयारीत सर्वांत मोलाचा वाटतो. कुठे पाण्याच्या कडेने जायचं आणि कुठे वर चढायचं, ते घरी बसूनच ठरतं.

पुण्यात करायची तयारी

वेताळ टेकडी आणि तळजाई पुरेशा आहेत. मात्र एक दिवस चालून भागत नाही. लागोपाठ दोन दिवस, पाठीवर सहा-सात किलो घेऊन बारा-बारा किलोमीटर चाला. दुसऱ्या दिवशी सकाळी पाय काय सांगतात, तेच खरं. पिंडऱ्यांसाठी पायरीच्या कडेवर चवड्यांवर उभं राहून टाचा खाली-वर करण्याचा व्यायाम रोज करा. पर्वतीच्या पायऱ्या त्यासाठी उत्तम.

बूट हलके, जाळीचे आणि पटकन वाळणारे घ्या. उंच घोट्याचे जड ट्रेकिंग बूट एकदा भिजले की दिवसभर ओलेच राहतात. पातळ मोज्यांचे तीन जोड असू द्या. वाळूचे चार कण मोज्यात राहिले तरी दुपारपर्यंत फोड येतो, म्हणून दर विश्रांतीला मोजे काढून झटका. अनवाणी चालायचा मोह होतोच. स्वच्छ पुळणीवर थोडा वेळ खुशाल चाला, पण खडकांवर नाही. तिथली कालवं ब्लेडसारखी कापतात. खाडीच्या उथळ पाण्यात पाकट, म्हणजे शेपटीच्या काट्याने डंख मारणारा मासा, असू शकतो, तिथेही पायात काहीतरी हवंच.

बाकी सामान नेहमीचं: रुंद काठाची टोपी, पूर्ण बाह्यांचा सुती सदरा, तीन लिटर पाणी, मीठ-साखर-लिंबू आणि मोबाइलसाठी पाणी न शिरणारी पिशवी.

प्रत्यक्ष चालताना

पुळणीवर चालायला जागा एकच: पाणी नुकतंच हटलेला, ओला पण चमक गेलेला पट्टा. तिथे बुटाच्या तळाची नक्षी नुसती उमटते, टाच रुतत नाही. वर कोरड्या वाळूत गेलात तर प्रत्येक पाऊल अर्धं मागे घसरतं. पट्ट्याला समुद्राकडे उतार असेल तर एका बाजूच्या घोट्यावर आणि कमरेवर सतत ताण येतो. ओहोटी जितकी पुरी, तितकी खालची वाळू सपाट. सकाळच्या ओहोटीचा आग्रह त्यासाठीही.

बसायचं कुठे, ते किनाराच सांगतो. सुरूच्या काड्या, शिंपले, थर्माकोलचे तुकडे आणि एखादी एकटी चप्पल अशी एक वेडीवाकडी रेघ वाळूवर दिसते. शेवटची भरती तिथवर आली होती. सॅक त्या रेघेच्या वर ठेवा.

खडकाळ टोकाशी आलात की थांबा आणि खडक वाचा. कालवं आणि शंखले चिकटलेला खरखरीत पट्टा जिथे संपतो, साधारण तिथवर पाणी नेहमी चढतं. तो पट्टा तुमच्या डोक्याच्या वर असेल तर भरतीला ही जागा तुम्हाला बुडवते, इतकं ते उघड आहे. ओहोटी होऊन दीड तास उलटला असेल आणि टोकाची पलीकडची बाजू दिसत नसेल, तर खालून जायचं नाही. मागे फिरा, वाडीत शिरा आणि पाखाडीने, म्हणजे दगडी पायऱ्यांच्या वाटेने, सड्यावर चढा. हरिहरेश्वरची प्रदक्षिणेची वाट बघितलेल्यांना हे वेगळं सांगायला नको. पायऱ्या उतरून खडकावर आलं की ओहोटीला निवांत वाटतं, आणि त्याच खडकांवरून लाटांनी माणसं ओढून नेलेली आहेत.

वाडीतून जाताना गडग्यावर चढू नका. जांभ्याचे ते दगड नुसते रचलेले असतात, एक निसटला की हातभर गडगा कोसळतो आणि रात्री गुरं आगरात शिरतात. बेडं, म्हणजे कुंपणातलं आडव्या बांबूंचं फाटक, काढून आत जावं आणि परत होतं तसं लावावं. कुणी पडवीत दिसलं तर "काका, सड्यावर जायला पाखाडी कुठून?" एवढं विचारा. वाट तर कळतेच, पुढच्या ओढ्याला पाणी किती आहे तेही कळतं.

छोट्या खाडीचं तोंड उथळ दिसलं तरी विचारल्याशिवाय उतरू नका. वरून वाळू वाटते आणि खाली गुडघाभर चिखल असतो. स्थानिक माणूस "जावा" म्हणाला तरच जायचं, नाहीतर पूल किंवा होडी.

हर्णैच्या बंदरात माशांचा लिलाव चालू असतो तेव्हा कामाच्या मधून वाट काढू नका, मागून जा. वाळूत अर्धवट पुरलेले नांगराचे दोर असतात. लाटेने होडी उचलली की सैल पडलेला दोर क्षणात घोट्याच्या उंचीवर ताणला जातो. इथून समोर पाण्यात सुवर्णदुर्ग दिसत राहतो. पुढचं मुरुड हे महर्षी कर्व्यांचं गाव. सहावीच्या परीक्षेसाठी ते इथून घाट चढून साताऱ्यापर्यंत पायी गेले होते. कर्वेनगरात राहणाऱ्याने निदान तेवढ्यासाठी तरी मुरुडच्या वाटेवरून चालावं असं मला मनापासून वाटतं.

मुक्काम, जेवण आणि कासवं

घरगुती मुक्कामाच्या ठिकाणी जेवणाचं आदल्या दिवशी सांगावं लागतं. चार वाजता दारात उभं राहून "काय मिळेल?" विचारलं तर घरच्यांची धावपळ होते. फोन करतानाच माणसं किती, शाकाहारी किती आणि पोचायची वेळ सांगा. सकाळी साडेसहाला निघायचं म्हणून आंबोळ्या किंवा घावन बांधून मागितले तर बहुतेक घरांत आनंदाने देतात.

पुळणीवर तंबू ठोकू नका, हे मी आग्रहाने सांगते. वेळास, केळशी, आंजर्ले या किनाऱ्यांवर थंडीच्या महिन्यांत ऑलिव्ह रिडले कासवांच्या माद्या रात्री अंडी घालायला वर येतात. दिवे, शेकोटी, गाणी यांनी बिचकून मादी तशीच माघारी फिरते. अंधार पडल्यावर किनाऱ्यावर बॅटरी लावायची नाही. घरट्याभोवती जाळी दिसली तर लांबून जायचं. पिल्लं समुद्रात सोडताना पाहायची असतील तर ती साधारण फेब्रुवारीच्या पुढे दिसतात, आणि ते पाहायला गावातल्या कासवमित्रांबरोबरच जावं.

मोबाइलमध्ये दोन क्रमांक हवेत: ११२ आणि समुद्रातल्या मदतीसाठी तटरक्षक दलाचा १५५४. रोज संध्याकाळी घरी एक निरोप टाका: कुठे आहोत, उद्या कुठे जाणार, मध्ये कोणती खाडी.

पुढचा पट्टा

दापोलीचा किनारा झाला की दाभोळला फेरीबोटीत बसा आणि धोपाव्याला उतरा. गुहागर तालुक्याला उत्तरेला वाशिष्ठीची खाडी, दक्षिणेला शास्त्रीची आणि पश्चिमेला समुद्र, म्हणजे तीन बाजूंनी पाणी. गुहागरची लांबलचक पुळण, मग पालशेत, वेळणेश्वर, हेदवी, तवसाळ. इथे टोकं उंच आहेत आणि सड्यावरची चाल जास्त, म्हणून दिवसाचा टप्पा दोन-तीन किलोमीटरने कमी करा आणि पाणी लिटरभर जास्त घ्या. सड्यावर सावली नाही, विहीर नाही.

हेदवीला पोचायची वेळ मात्र दुपारची ठेवा. तिथली बामणघळ ही कातळातली अरुंद चीर. ओहोटीला ती नुसती भेग दिसते आणि भरतीला लाट आत कोंडून पाणी उंच उसळतं. तृतीया ते पंचमीच्या दिवसांत भरती दोन ते चारच्या दरम्यान येते. सकाळची पुळण चालून झाली, गावात जेवण झालं, की घळीच्या वरच्या बाजूला, कातळ कोरडा असेल तिथेच, कडेपासून लांब बसून ते बघता येतं.