एंजलची अंडी कोण खात होतं?

आमच्या टाकीतल्या एंजल माशांच्या जोडीने तीनदा झाडाच्या पानावर अंडी घातली आणि तिन्ही वेळा सकाळी पान चाटूनपुसून साफ. दुकानदार म्हणाला, "नवीन जोडी आहे, स्वतःच खातात." खोटं नाही, नवखी किंवा बिचकलेली जोडी खरंच अंडी खाते. पण मी दिवसभर बघत होतो ना! दोघं आळीपाळीने पंखांनी वारा घालायची, पांढरं पडलेलं, म्हणजे खराब झालेलं अंडं तेवढं नेमकं टिपून काढायची, जवळ आलेल्या छोट्या टेट्रा माशाला पार कोपऱ्यात पिटाळायची. सिक्लिड कुळातले मासेच ते, अंड्यांच्या बाबतीत कडक. मग रात्रीतच काय बिनसायचं?

चौथ्या खेपेला रात्री दोन वाजता मोबाइलच्या टॉर्चवर रुमाल धरून डोकावलो. ॲमेझॉन स्वोर्ड या पाणवनस्पतीच्या त्याच पानावर आमचा सकर फिश आडवा पसरलेला, तोंड चिकटवून. एंजलला अंधारात धड दिसत नाही आणि सकरचा दिवस तेव्हाच उजाडतो.

सकर दुसऱ्या टाकीत गेला (शेवाळ खायला आणला होता, आता काकडी खातो). रात्रभर टाकीशेजारी झिरोचा बल्ब, पाणी २८ अंशांवर. पाचव्या खेपेला तिसऱ्या दिवशी पानावर शेपट्या वळवळताना दिसल्या. आणखी पाच दिवसांनी पिल्लं पोहू लागली. खायला अंड्यातून नुकती फुटलेली आर्टेमिया (कोळंबीसारखे अगदी बारीक जीव), दिवसातून तीन-चारदा, थोडी थोडी. आणि हो, पिल्लं पोहायच्या आधी स्पंज फिल्टर लावा. माझी दहा-बारा जोरात पाणी खेचणाऱ्या पॉवर फिल्टरने ओढून नेली.