बांधावर पडलेला दात आणि पहिली अनुसूची

खानापूर तालुक्यातून मराठी माध्यमात शिकून मी बेळगावात एलएलबीला आलो, तेव्हा कायदा म्हणजे कलमांचे आकडे असाच समज होता. जुन्या भारतीय दंड संहितेतली (आयपीसी) ३०२, ४२०, ४९८-अ असं घोकण्यात महिने घातले. १ जुलै २०२४ ला तिच्या जागी भारतीय न्याय संहिता लागू झाली आणि ३०२ चं १०३ झालं, ४२० चं ३१८(४), ४९८-अ चं ८५. आयपीसीची ५११ कलमं ३५८ वर आली. घोकंपट्टी पाण्यात गेली.

ज्यांच्याकडे मी बसतो ते वकीलसाहेब हसले. ‘आकडे काय पाठ करालास? रकाने वाच की!’

रकाने म्हणजे भारतीय नागरिक सुरक्षा संहितेची, म्हणजे तपास-खटल्याच्या रीतीच्या कायद्याची, पहिली अनुसूची. गुन्हा कशाला म्हणायचं आणि शिक्षा किती, ते न्याय संहितेत. पुढं काय होणार, ते या तक्त्यात: दखलपात्र (पोलीस स्वतःहून तपास करू शकतात) की अदखलपात्र, जामीनपात्र (जामीन हक्कानं मिळतो) की अजामीनपात्र, खटला कुठल्या कोर्टात. अशील कलम विचारतच नाही. ‘आत घेतील काय?’ एवढंच विचारतो.

आमच्याकडचं नेहमीचं प्रकरण घ्या, बांधावरचं भांडण. थोबाडीत दिली, ओठ सुजला: कलम ११५(२), साधी दुखापत, अदखलपात्र. पोलीस नोंद घेतात आणि फिर्यादीला मॅजिस्ट्रेटचा रस्ता दाखवतात. आदेशाशिवाय तपास नाही. पण त्याच थोबाडीत दात पडला तर? हाड किंवा दात मोडणं ही कलम ११६ प्रमाणे जबर दुखापत. मग ११७(२), सात वर्षांपर्यंत कैद, गुन्हा दखलपात्र, आणि पुढं गावात समेट झाला तरी कोर्टाची परवानगी हवी. गंमत म्हणजे हा गुन्हा तरीही जामीनपात्रच आहे. दखलपात्र म्हणजे अजामीनपात्र असं धरून चालणारे नवखे इथंच तोंडघशी पडतात. मीही पडलोय, तेही अशिलासमोर.

दुसरं उदाहरण शेळीचं. माळावर चरणारी शेळी नेली तर कलम ३०३, साधी चोरी. माल पाच हजारांच्या आतला असेल तर गुन्हा अदखलपात्र. पहिल्यांदाच दोषी ठरलेल्यानं माल किंवा त्याची किंमत परत केली तर शिक्षा समाजसेवेची. म्हणून फिर्याद लिहिताना शेळीची किंमत अंदाजे टाकू नका. तीच शेळी राहत्या घरातून नेली तर कलम ३०५: सात वर्षांपर्यंत कैद, अजामीनपात्र.

सीमाभागात आणखी एक भानगड. न्याय संहिता देशभर एकच, पण दारू आणि जुगाराचे कायदे राज्याचे. गोव्याची बाटली चोर्ला घाटातून खानापूर हद्दीत आली की कर्नाटकचा १९६५ चा अबकारी कायदा. तीच निपाणी ओलांडून कागलला गेली की महाराष्ट्राचा १९४९ चा दारूबंदी कायदा. मटक्याला इकडं १९६३ चा कर्नाटक पोलीस कायदा, तिकडं १८८७ चा जुगार कायदा. तेव्हा गुन्हा कुठं घडला तेही विचारा. हद्द दुसऱ्याची म्हणून पोलिसांनी दखलपात्र गुन्ह्याची फिर्याद नाकारायची नाही. झिरो एफआयआर नोंदवून पुढं पाठवायची, हे आता नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १७३ मध्येच लिहिलंय.

इथल्या कोर्टातल्या कन्नडचा बाऊ करू नका. कलमाला कन्नडमध्येही ‘कलं’, जामिनाला ‘जामीनु’, पंचनाम्याला ‘पंचनामे’; फिर्यादी, आरोपी आणि वकील तर जसेच्या तसे. खुनाला ‘कोले’ आणि चोरीला ‘कळवु’ म्हणतात, तेवढं शिकायचं. लिपीला मात्र वेळ द्या. हायकोर्टातलं अपील धारवाडच्या खंडपीठाकडं जातं, तिथं इंग्रजी लागते, आणि तिचा त्रास मला कन्नडपेक्षा जास्त झाला.

आयपीसी रद्दीत घालू नका. मेकॉलेच्या आयोगाचा १८३७ चा मसुदा, १८६० चा कायदा, १८६२ पासून अंमल. इतकं जुनं पुस्तक एका रात्रीत संपत नाही. १ जुलै २०२४ च्या आधी घडलेला गुन्हा आजही त्याच कलमांखाली चालतो. त्यामुळे प्रश्नांत पहिला प्रश्न तारखेचा.

परवा एक मामा आले होते. दात पडला होता. कधी झालं म्हटलं, तर म्हणाले, ‘त्या वर्षी रोप लावणीच्या टायमाला.’ लावणी जूनअखेरची की जुलैची, हे विचारण्यात अर्धा तास गेला.