व्हिडिओ आर्टचं विडंबन कसं करावं

व्हिडिओ आर्ट म्हणजे कलाकृती म्हणून दाखवलेलं चित्रण. त्याचं विडंबन करताना पहिली अडचण अशी की अतिशयोक्तीला जागाच उरलेली नाही. अमेरिकी कलाकार अँडी वॉरहॉलने १९६४ साली एम्पायर स्टेट बिल्डिंगचं एकाच जागेवरून चित्रण केलं, सेकंदाला २४ चौकटींच्या (फ्रेमच्या) वेगाने. दाखवताना वेग १६ वर आणला. मुळात जागची न हलणारी इमारत आणखी संथ झाली. आठ तास! यावर कडी करायला जाल तर हराल. त्यापेक्षा जॉन बाल्डेसारी या अमेरिकी कलाकाराकडे बघा. १९७२ मध्ये त्याने कुंडीतल्या रोपासमोर एकेक कार्ड धरून, तेच अक्षर पुन्हापुन्हा उच्चारत त्याला इंग्रजी वर्णमाला शिकवली. न हसता. तोच सूर धरायचा.

आधी एकच रूढी निवडा. खरखरणारा पडदा, कुजबुजतं निवेदन, उलटं चालवलेलं चित्रण, सगळं एकत्र कोंबू नका. समजा, लांबलेला शॉट घेतला.

बादली ठेवा. प्लास्टिकची, काठाला चीर गेलेली, कडीवर फडकं टाकलेलं. कॅमेरा ट्रायपॉडवर लावून फोकस आणि एक्स्पोजर लॉक करा. ऑटोवर राहिलं तर उजेड बदलला की चित्र आपोआप फिकट-गडद होतं आणि प्रेक्षकाला वाटतं, काहीतरी घडतंय. काहीही घडता कामा नये. सहाव्या मिनिटाला एक हात चौकटीत येऊ दे, फडकं सारखं करून निघून जाऊ दे. विनोद तेवढाच. मोबाइल बघत बसलेल्याचा तो हुकला तर हुकू दे.

आवाजासाठी फ्रिजची घरघर रेकॉर्ड करा, खालच्या पट्टीत आणा.

खरी मेहनत प्रदर्शनात व्हिडिओशेजारी भिंतीवर लावायच्या मजकुराची. यात माणूस कधीच कर्ता नसतो. जे काही करतं ते 'काम', म्हणजे कलाकृती, करतं. उदाहरणार्थ: 'हे काम रितेपण आणि साठवण यांतील सीमारेषा धूसर करत श्रमाच्या अदृश्यतेला प्रश्न विचारते.' मोठ्याने वाचा. अर्धवट पटायला लागलं की जमलं. (खरं सांगायचं तर मला हे वाक्य जरा जास्तच पटतंय.) 'बादली' हा शब्द मात्र कुठेही येऊ देऊ नका.

मग व्हिडिओ लूपवर लावा. शेवट आणि सुरुवात यांचा सांधा दिसला नाही पाहिजे. आत आलेल्याला आपण कितपत उशिरा आलो हे कळता कामा नये.

नाव द्या 'अशीर्षक ७'. आधीची सहा कुठे आहेत, हे विचारायला सहसा कोणी धजावत नाही.